घाटेकाकांचे आमदार आणि त्र्याऐंशी नावं

कुसुम शंकर पाध्ये, वय अठ्ठ्याहत्तर. गेल्या वर्षी मार्चच्या दुसऱ्या मंगळवारी, संध्याकाळी सात वाजून चाळीस मिनिटांनी, वेस्टमार्श बरो कौन्सिलच्या, म्हणजे इथल्या आमच्या नगरपालिकेच्या, पहिल्या मजल्यावरच्या सभागृहात असं जाहीर करण्यात आलं की अशी कोणी बाई नाही. जाहीर करणाऱ्या अधिकाऱ्याच्या समोर, तिसऱ्या रांगेत, ती बाई मांडीवर डबा घेऊन बसलेली होती. डब्यात उपमा होता.

लेख असा सुरू करायला मला घाटेकाकांनी शिकवलं. मी तेव्हा एकोणीस वर्षांची होते आणि आमच्या भागातली बस बंद होणार म्हणून मराठीतून एक पत्रक लिहून घरोघरी टाकलं होतं. दुसऱ्या दिवशी ते आमच्याच लेटरबॉक्समधून परत आलं, लाल पेनाने रक्तबंबाळ होऊन. खाली पत्ता होता. मी भांडायला गेले. दार उघडणाऱ्या माणसाच्या पँटच्या पायांना सायकलवाले लावतात तशा क्लिपा होत्या. सायकल अकरा वर्षांपूर्वी चोरीला गेली होती, हे मला नंतर कळलं.

"पहिल्याच ओळीत तू 'लाज' लिहिलंयस," ते म्हणाले. "पत्रकात लाज लागत नाही. कोणाचं काय गेलं, कधी गेलं, किती वाजता गेलं, एवढं लिही. लाज वाचणाऱ्याला आपोआप वाटेल. नाही वाटली तर तो तुझा वाचक नाही."

"आणि शेवटी?"

"शेवटी त्याला काम सांग. नुसतं वाईट वाटून घेतलेला माणूस उठून चहा टाकतो."

त्या दिवसापासून त्यांनी मला कधी नावाने हाक मारली नाही. "या, पत्रकबाई." बस बंद झाली ती झालीच. काकांबरोबर मी जे जे केलं त्यातलं बहुतेक सगळं हरलं. ते आधीच सांगून टाकते, म्हणजे कोणी आशेने वाचणार नाही.

भास्कर घाटे सव्विसाव्या वर्षी मिरजेहून इंग्लंडात आले आणि साउथहॅम्प्टनच्या एका शाळेत त्यांनी एकतीस वर्षं इतिहास शिकवला. डायजेस्टिव्ह बिस्किटावर लसणाची चटणी घालून खायचे. बस-स्टॉपवरच्या वेळापत्रकात चूक सापडली तर घरी येऊन पत्र लिहायचे आणि उत्तर आलं की तेही तपासायचे. घरात एकच चांगली खुर्ची होती, ती काकूंची. वाचायचं असलं की काका उभे राहायचे. वर्तमानपत्रसुद्धा उभ्याने. "बसून वाचलेलं स्वतःपुरतं असतं," म्हणायचे.

आणि त्यांना एक आमदार होते.

"आमचे आमदार" असं ते म्हणायचे, इतक्या सहज की मला आधी वाटलं, मिरजेचे कोणी असतील. मग कळलं की या आमदारांना जाऊन सव्वाशे वर्षं होऊन गेली होती आणि ते अमेरिकेत, ओहायो नदीच्या काठावरच्या एका राज्याच्या विधानसभेत बसायचे. एझ्रा पेनिफोल्ड. धंद्याने लाकडी पिंपं बनवणारा. तुम्ही नाव ऐकलेलं नाही. तिथल्यांनीही ऐकलेलं नाही.

शाळेच्या लायब्ररीने जुनी पुस्तकं काढून टाकली, त्या ढिगात काकांना त्या विधानसभेच्या कामकाजाचा एक खंड सापडला. दाराला अडकण म्हणून त्यांनी तो घरी आणला. वर्षभर त्याने दार धरून ठेवलं. मग एका रविवारी चाळताना त्यांना दिसलं की भाषणांच्या मधेच दीड पान नुसती नावं आहेत. ठराव नाही, चर्चा नाही, माणसांची नावं.

"लेखनिक पगारी माणूस, पत्रकबाई. तो उगाच दीड पान नावं कशाला लिहील?"

त्या प्रश्नामागे काका तेवीस वर्षं गेले. उत्तर असं होतं. यादवी युद्धाच्या वीसेक वर्षं आधीची गोष्ट. गुलामीतून सुटून नदीच्या या काठाला आलेले लोक विधानसभेकडे अर्ज करायचे: आमच्या मुलांना शाळा द्या, आमची साक्ष कोर्टात धरा. सभागृहाने नियम केला की असले अर्ज न वाचता टेबलावर ठेवून द्यायचे. टेबलावर ठेवले की संपले. पेनिफोल्डने नियम पुन्हा पुन्हा वाचला. अर्जात काय आहे ते वाचायला बंदी होती. अर्ज कोणाचा आहे हे सांगायला नव्हती. म्हणून तो उभा राहिला आणि अर्जदारांची नावं वाचायला लागला. सगळी. प्रत्येक अर्जाची, प्रत्येक वेळी. लोक बाहेर जाऊन जेवून यायचे, हा वाचतच असायचा.

मग सरकारी बाजूने हरकत निघाली. ही नावं नोंदीत नाहीत. नोंदीत 'अमक्याचा जिम', 'तमक्याची सॅली' असं होतं, मालकाच्या नावाने. या लोकांनी सुटल्यावर आपापली नावं ठेवली होती. म्हणजे अर्ज करणारी माणसं अस्तित्वातच नाहीत. त्यावर पेनिफोल्ड जे बोलला ते काकांनी मराठीत करून स्वयंपाकघरात फ्रिजवर लावलं होतं: ज्या हाकेला माणूस वळतो, ते त्याचं नाव.

आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या गणपतीत काकांना एकदा या विषयावर बारा मिनिटं दिली होती. शाळेचा हॉल भाड्याने घेतलेला, मागे पुऱ्या तळून तयार. पन्नास मिनिटं झाली तरी आमदार पहिल्यांदा निवडून यायचे होते. आमचे चिटणीस पराडकर स्टेजच्या कडेला येऊन म्हणाले, "घाटेसर, आमदार निवडून येईपर्यंत पुऱ्या गार होतायत."

"पुऱ्या पुन्हा तळता येतात, पराडकर. माणूस एकदाच उभा राहतो."

"पण हॉल नऊपर्यंतच आहे."

पराडकरांनी माइक बंद केला. काकांना ते कळलंही नाही, किंवा कळलं असेल. आवाज जरा चढवून ते तसेच बोलत राहिले. समोर पुण्याहून नुकतेच आलेले आयटीवाले मोबाइल बघत होते आणि पहिल्या रांगेत काकू मान डोलावत होत्या. त्यांनी हे भाषण घरी किती वेळा ऐकलं असेल कोण जाणे.

काकांनी आमदारांचं चरित्र मराठीत लिहिलं. परीक्षेच्या जुन्या प्रश्नपत्रिकांच्या पाठकोऱ्या बाजूला, हाताने, चारशे पानांच्या वर. मला वाचायला दिलं तेव्हा एक गोष्ट खटकली. जिथे जिथे आमदारांच्या बायकोचा उल्लेख होता तिथे दोन बोटं जागा कोरी होती. 'त्या हिवाळ्यात एझ्रा आजारी होता आणि' कोरी जागा 'ने दुकान सांभाळलं.'

"नाव सापडत नाही गं," काका म्हणाले. "चर्चना पत्रं घातली, तिथल्या इतिहास मंडळींना घातली. थडग्याचा फोटो मागवला. बघ." फोटोत दगडावर आमदारांचं नाव मोठ्या अक्षरात आणि खाली लिहिलेलं: 'व त्याची पत्नी'. "आयुष्यभर दुनियेची नावं वाचली या माणसाने. हिचं कोणी लिहून ठेवलं नाही. त्यानेही नाही."

मी फटकळ आहे, आणि तेव्हा जास्त होते. मी विचारलं, "काकूंचं लग्नाआधीचं नाव काय होतं?"

काकूंचं नाव वैजयंती. मला एवढंच माहीत होतं की आमच्या आज्यांच्या वयाच्या बायकांची नावं लग्नात बदललेली असतात. ताटात तांदूळ पसरायचे, नवऱ्याने अंगठीने त्यात नवं नाव लिहायचं, सगळ्यांनी टाळ्या वाजवायच्या, पेढे वाटायचे.

काकांनी फोटो पाकिटात घातला. म्हणाले, "चहा टाकतो."

पुढचं सगळं त्या ताटातून निघालं.

काकूंना विसरायला व्हायला लागलं, ते आधी इंग्रजीपासून. चाळीस वर्षं पोस्टाच्या काउंटरवर बसलेली बाई, एक दिवस पोस्टमनशी मराठीत बोलली. मग घराचा पत्ता गेला. मग त्या हाकेला ओ देईनाशा झाल्या. काका "वैजयंती, वैजयंती" करत मागे फिरायचे आणि त्या खिडकीबाहेर बघत राहायच्या. डॉक्टर म्हणाले, कान तपासा. कान ठणठणीत होते.

आठवड्यातून तीन दिवस त्या कौन्सिलच्या डे सेंटरला, म्हाताऱ्या माणसांना दिवसभर सांभाळतात तिथे, जायला लागल्या. तिथे ट्रेसी नावाची बाई होती, पन्नाशीची, हातावर गोंदलेली. तिने तिसऱ्याच दिवशी समोर गुडघ्यावर बसून विचारलं, "तुला काय म्हणतात गं, राणी?" तिच्या इंग्रजीत विचारलं, पण सूर तोच होता. काकूंनी लगेच सांगितलं, "कुसुम."

त्या दुपारी काका न्यायला गेले तर भिंतीवरच्या तक्त्यावर चित्र होतं, खाली लिहिलेलं: कुसुम. काकांनी दारातूनच त्या नावाने हाक मारली. काकू वळल्या. हसल्या सुद्धा.

हे काकांनी मला बसून सांगितलं. त्यांना बसून बोलताना मी तेवढं एकदाच पाहिलं.

"आमच्या घरी भांडी घासायला यायची तिचं नाव कुसुम होतं. आई म्हणाली, सुनेचं नाव तेच कसं ठेवायचं? बदला. मी बदललं. मला वैजयंती आवडायचंही. बावन्न वर्षं मी हाक मारत होतो आणि ती वळत होती. मला वाटलं, तिचंच नाव आहे."

'भांडी घासणाऱ्या बाईला विचारलं होतं का?' हे ओठांवर आलं होतं. गिळलं.

जानेवारीत कौन्सिलने जाहीर केलं की जूनअखेर डे सेंटर बंद. काकूंना त्या नावाने ओळखणारी जगात एकच जागा होती, ती. घर धरलं तर दोन.

आमच्या कौन्सिलचा नियम असा: बरोत राहणाऱ्या एक हजार लोकांनी सह्या केल्या की विषय सभेत चर्चेला घ्यावाच लागतो. नाव, पत्ता, सही. नावं मतदारयादीशी ताडून बघतात. आपण कॉमनवेल्थचे म्हणून आपलीही नावं त्या यादीत असतात, पासपोर्टवर असतात तशी.

सहा आठवडे आम्ही दारं वाजवली. क्लिपा लावलेले एक्याऐंशी वर्षांचे काका पुढे, मी मागे क्लिपबोर्ड घेऊन. आणि दरेक दारात काकांचं एकच.

"अहो, कागदावरचं नाव नको. तुम्हाला हाक मारतात ते लिहा."

बायका हसायच्या. "म्हणजे माहेरचं की सासरचं?"

"तुम्ही वळता कुठल्या नावाला?"

एक मावशी दोन मिनिटं पेन धरून उभी राहिली आणि म्हणाली, "असं कोणी विचारलं नव्हतं हो कधी." तिने जे लिहिलं ते तिच्या मुलाने खांद्यावरून वाचलं आणि म्हणाला, "आई, हे कोण?" घानाच्या दोन नर्स होत्या, त्यांनी जन्मवाराची नावं लिहिली, जी फक्त त्यांच्या घरच्यांना माहीत होती. आणि काकूंनी स्वतः, लिहायची सवय मोडलेल्या हाताने, पाच मिनिटं घेऊन लिहिलं: कुसुम शंकर पाध्ये.

मला नियम माहीत होता. तिसऱ्या आठवड्यात मी म्हणाले, "काका, यादीशी जुळणार नाहीत ही नावं. कंसात पासपोर्टचं लिहून घेऊ या."

"कंसात कोणाला टाकायचं? तिला?"

"हरू आपण."

"आमचे आमदार चौदा वर्षं हरले."

एरवी मी ऐकून घेणारी नाही. त्या दिवशी घेतलं. ती नावं लिहिताना त्या बायकांचे चेहरे मी बघत होते, म्हणून. ही चूक काकांची होती, आणि तितकीच माझी. मी रोज रात्री बसून ती यादी दुरुस्त करू शकले असते. केली नाही.

एक हजार एकसष्ट सह्या भरल्या. त्र्याऐंशी बाद झाल्या. उरल्या नऊशे अठ्ठ्याहत्तर.

त्या मंगळवारी अधिकाऱ्याने शांतपणे सांगितलं. वाईट माणूस नव्हता, वाईट माणूस असता तर बरं झालं असतं. म्हणाला, अर्ज अपुरा आहे, त्र्याऐंशी नोंदींच्या बाबतीत त्या नावाची कोणीही व्यक्ती त्या पत्त्यावर आढळत नाही, सबब चर्चा नाही. उदाहरण म्हणून त्याने कागदावरचं वरचंच नाव घेतलं. मिस के. एस. पाध्ये. असं कोणी नाही.

अध्यक्षबाईंनी काकांना नागरिकांसाठीची तीन मिनिटं दिली. काका उभे राहिले. डे सेंटरबद्दल एक शब्द बोलले नाहीत. खिशातून कागद काढला आणि बाद झालेली नावं वाचायला सुरुवात केली. नाव, मग रस्ता. नाव, मग रस्ता. घाई नाही, एकेक उच्चार नीट. सभासद आधी ऐकत होते, मग कागद चाळायला लागले. एकोणचाळिसाव्या नावावर अध्यक्षबाई म्हणाल्या, "मिस्टर घाटे, तुमची वेळ संपली."

चाळीस.

"मिस्टर घाटे."

एक्केचाळीस. माइक बंद झाला. मंडळाच्या हॉलमध्ये चढायचा तसा या वेळी आवाज चढला नाही. काका एक्याऐंशीचे होते. बेचाळिसावं नाव पहिल्या रांगेलाही ऐकू गेलं नसेल. त्यांनी कागद खाली केला, सभागृहाकडे पाठ केली आणि तिसऱ्या रांगेकडे बघून, हजेरी घेतात तसं म्हणाले, "कुसुम शंकर पाध्ये."

काकूंनी मान वर केली. डबा बाजूच्या खुर्चीवर ठेवला. उठून उभ्या राहिल्या, हात पाठीमागे बांधले आणि शाळेतल्यासारखं म्हणाल्या, "हजर."

कोणीतरी हसलं. प्रेमानेच हसलं असेल. अध्यक्षबाई पण हसल्या आणि म्हणाल्या, "थँक यू, मिसेस घाटे." आणि पुढचा विषय घेतला. पुढचा विषय पार्किंगचा होता.

आमदारांचा शेवट काकांनी मला आधीच सांगितला होता. पेनिफोल्ड निवडणूक हरला. नव्या सभागृहाने पहिल्याच दिवशी जुन्या अर्जांचे गठ्ठे तळघरात टाकले, तिथे नदीचं पाणी शिरलं. तो पिंपांच्या दुकानाच्या मागच्या खोलीत मेला. शाळेचा कायदा त्याच्या हयातीत झाला नाही. "मग मिळालं काय?" मी विचारलं होतं. काकांनी तो खंड उघडून दाखवला होता. दीड पान.

आम्हाला तेही मिळालं नाही. त्या सभेच्या इतिवृत्तात एक ओळ आहे: 'एका रहिवाशाने निवेदन केले.'

जूनमध्ये सेंटर बंद झालं. ट्रेसीला एका वखारीत काम मिळालं. काकूंना घरी सांभाळणं ऑगस्टपर्यंत जमलं, मग एका रात्री त्या रस्त्यावर सापडल्या आणि त्यांना साउथहॅम्प्टनच्या पलीकडच्या केअर होममध्ये ठेवावं लागलं. दोन बस बदलून काका रोज जायचे. खोली क्रमांक बाराच्या दारावर पाटी आहे, छापील: वैजयंती घाटे. काका गेल्यागेल्या त्यावर कागद चिकटवायचे: कुसुम. संध्याकाळी कर्मचारी तो काढायचे. औषधं चुकू नयेत म्हणून दारावरचं नाव आणि फाइलवरचं नाव एकच लागतं. त्यांचंही खरं आहे. सगळ्यांचंच खरं असतं.

ऑक्टोबरच्या शेवटी मी शेवटचं पाहिलं ते असं. कॉरिडॉरमध्ये काका दाराशी उभे, दातांनी सेलोटेप तोडत होते. टेप बोटालाच चिकटत होती. मी पुढे झाले तर म्हणाले, "राहू दे, पत्रकबाई. हे मीच लिहायला हवं." कागद लागला. वाकडा. त्यांनी तो अंगठ्याने दाबला, तांदळात बोट फिरवावं तसा, कितीतरी वेळ. मग उघड्या दारातून आत हाक मारली. आतून उत्तर आलं ते मला ऐकू आलं नाही, पण काकांनी खिशातली वही काढून त्या दिवसापुढे एक खूण केली.

नोव्हेंबरात काका गेले. चरित्राचा गठ्ठा माझ्याकडे आहे. कोऱ्या जागा कोऱ्याच आहेत. शेवटच्या पानाच्या समासात लाल पेनाने तीन शब्द आहेत: विचारायचं राहून गेलं.

काकांना जाऊन चार महिने झाले. काकूंना ते सांगितलं आहे आणि त्या विसरल्या आहेत. दारावर आता फक्त छापील पाटी आहे. नर्सेस चांगल्या आहेत, त्या "वैजयंती" म्हणतात, काकू खिडकीबाहेर बघतात, आणि फाइलमध्ये 'प्रतिसाद नाही' अशी नोंद होते. मी आता कार्डिफला नोकरी करते. पंधरा दिवसांतून एकदा जाते. चौदा दिवस उरतात.

हा लेख मंडळाच्या वार्षिक अंकात छापला जातोय, म्हणजे तुम्ही साउथहॅम्प्टनच्या तासाभराच्या अंतरात राहता. वाईट वाटून घेऊ नका. चहा टाकू नका. केअर होमचा पत्ता पराडकरांकडे ठेवला आहे. काकांचा माइक त्यांनी एकदा बंद केला होता, आता फोन उचलायचं त्यांनी कबूल केलं आहे. भेटायची वेळ दुपारी दोन ते चार. त्या चौदा दिवसांतला एक दिवस घ्या. खोली बारा. पाटी वाचू नका. दारात उभं राहून पूर्ण नाव घ्या: कुसुम शंकर पाध्ये. त्या उठून हजेरी देईपर्यंत थांबा.